मांड्याखालचे हात

आमच्या शाळेतल्या ड्रॉइंगच्या सरांना माणसांचे चेहरे लक्षात राहत नसत. मी शास्त्र शिकवायला धुळ्याच्या त्या शाळेत रुजू झाले, तेव्हा पहिले काही महिने ते माझ्याकडे रोज 'आपण कोण?' अशा नजरेने बघत. मला रागच यायचा. स्टाफरूममध्ये समोरासमोर बसतो, एका बरणीतलं लोणचं खातो, आणि रस्त्यात भेटले की हे गृहस्थ सरळ पुढे! मग एकदा शिंदखेड्याच्या एसटीत मी उभी होते. ऊन लागू नये म्हणून डोक्यावरून पदर घेतलेला, तोंड खिडकीकडे. मागच्या बाकावरून आरोळी आली, "शास्त्राच्या बाई! या, या, इथं जागा आहे!"

मी चकितच झाले. विचारलं, तोंडसुद्धा न बघता ओळखलंत कसं?

"दांडी धरली आहेत ना तुम्ही," सर म्हणाले. "हात तुमचाच. चेहऱ्याचं काय हो, तो घडीघडीला बदलतो."

त्या दिवसापासून मी त्यांना रस्त्यात दिसले की आधी हात वर करायला लागले. ते लगेच ओळखून हसत. शाळेतले बाकीचे लोक या प्रकाराला हसत, पण माझी सोय झाली.

त्यांचे स्वतःचे हात चित्रकाराचे आहेत असं कुणी म्हटलं नसतं. आखूड बोटं, रुंद पंजा, मागे वळणारा जाडजूड अंगठा. गवंड्याचे हात म्हणून खपले असते. नखांच्या कडेला कुठला ना कुठला रंग असायचाच. रॉकेलने हात धुवून मग ते राखेने घासायचे आणि तसेच डबा खायला बसायचे. मुख्याध्यापक त्यांच्यापासून लांबची खुर्ची पकडत. घड्याळ नाही, अंगठी नाही, मनगटाला दोरासुद्धा नाही. बायकोने हौसेने केलेली अंगठी त्यांनी लग्नानंतर लगेच काढून ठेवली होती, कारण काय, तर करंगळीशेजारचं बोट 'गप्प बसतं'.

वर्गातही तेच. नव्या वर्गाच्या पहिल्या तासाला कागद-पेन्सिल आणायची नाही, कणीक आणायची. मुलं घरून कणकेचे गोळे आणत आणि तासभर नुसती मळत बसत. "हात झोपलाय, आधी त्याला उठवा," सर वर्गभर फिरत ओरडायचे. एका मुलीचे वडील तक्रार घेऊन आले की पोरगी चित्रकलेच्या तासाला कणीक नेते, मग चित्रं काय स्वयंपाकघरात काढायची का? सरांनी त्यांच्याही हातात गोळा दिला. मी दारातून पाहिलं, ते गृहस्थ बराच वेळ कणीक मळत उभे होते आणि तक्रार करायची विसरले होते.

शिंदखेड्याच्या बाजाराची गंमत तर मी स्वतः पाहिलेली. सर मूळचे त्याच बाजूचे. बाजाराच्या दिवशी वही घेऊन एका झाडाखाली बसायचे आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला म्हणायचे, "हात दाखवता का जरा?" आता असं म्हटल्यावर लोक काय समजणार? बायका रांगेने येऊन बसल्या. "भाऊ, मन्हा पोऱ्याले नोकरी लागी का?" सर चित्र काढण्यात गुंग. मान वर न करता म्हणत, "लागी, लागी." प्रत्येकीला तेच उत्तर. पुढे त्यातली एक बाई पोराला एसटीत नोकरी लागली म्हणून पेढे घेऊन शाळेत आली! सरांना तिचा चेहरा आठवेना. तिने पेढ्याचा पुडा पुढे केला तेव्हा मात्र हात ओळखून ते असे काही खूश झाले की तिला वाटलं, यांना आधीच सगळं माहीत होतं.

हे सगळं गमतीचं. पण धुळ्यातल्याच देवपूर भागात सरांचं घर होतं, तिथे गेलं की गंमत संपायची. भिंतींना लावलेली, कपाटामागे उभी केलेली, पलंगाखाली सारलेली चित्रंच चित्रं, आणि एकही पूर्ण नाही. बैलजोडी होती, त्यातल्या एका बैलाला डोळा नव्हता. पांझरा नदीचा पूल होता, तो पलीकडच्या काठाला पोचलाच नव्हता. केळीचा एक हिरवागार बाग होता, त्याच्या मधोमध कोरं कापड. सरांची बायको, आम्ही त्यांना वहिनी म्हणत असू, मला चहा देताना म्हणाल्या, "माझंही आहे हो एक. नाक तेवढं राहिलंय." त्या हसल्या, पण ते हसू काही मला बरं वाटलं नाही.

मी सरांना सरळच विचारलं, की पूर्ण का करत नाही?

"अजून बिघडलं नाही, हे काय कमी आहे?" सर म्हणाले.

शेवटचा हात फिरवायची त्यांना भीती वाटायची. इतकी साधी गोष्ट होती. चित्र उत्तम चाललेलं असलं की त्यांचा हात आखडायचा. जितकं उत्तम, तितकी जास्त भीती. मुलांना 'हात उठवा' म्हणणाऱ्या माणसाचा स्वतःचा हात ऐन वेळी असा बसून जायचा.

आता आमच्या अक्कांबद्दल सांगायला हवं. अक्का म्हणजे माझ्या सासूबाई. गल्लीत, नात्यात, सगळीकडे त्यांना अक्काच म्हणत. खापरावरचे मांडे करण्यात त्यांचा हात धरणारं कुणी नव्हतं. लग्नकार्य कुठेही असो, अक्कांना बोलावणं यायचं. चुलीवर मातीचं खापर पालथं घालायचं, पुरण भरलेला कणकेचा गोळा थोडा लाटून दोन्ही हातांवर घ्यायचा, आणि मग या हातावरून त्या हातावर झेलत झेलत तो कोपरापर्यंत पसरेल इतका मोठा करायचा. पातळ असा, की मागच्या जाळात हातांची सावली आरपार दिसावी. आणि एका झटक्यात खापरावर! मी त्या घरात इतकी वर्षं काढली, मला ते कधीच जमलं नाही. माझे मांडे हातावरच जीव सोडायचे.

एका आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, मी सरांना आणि वहिनींना जेवायला बोलावलं. आमरस, मांडे, तूप असा बेत. पुढच्या खोलीत पानं मांडली. सर पानावर बसले, पहिला मांडा वाढला, आणि मागच्या अंगणातून अक्कांच्या बांगड्यांचा आवाज आला. सर उठले. हातात ताट घेऊन तसेच मागे गेले. अक्का नेमक्या मांडा झेलत होत्या, पाठीमागे जाळ, हातांवर तो मोठा थोरला मांडा, आणि सर ओरडले, "अरे बाप रे!"

अक्का दचकल्या आणि मांडा फाटला.

"ओ मास्तर, आठे काय करी ऱ्हायनात? तठे पाटवर बठा!"

सर कसले बसतात. "अक्का, आखो एक!" त्यांच्या तोंडून शाळेतलं मराठी कुठल्या कुठे पळालं होतं. आणखी एक झाला की पुन्हा "आखो एक!" मांडा बघायला मिळावा म्हणून ते मांडे खात होते. तूप कोपरावरून ओघळत होतं, वहिनी मागून सदरा ओढत होत्या, आणि अक्का आधी रागावलेल्या, पण खाणारा असा भेटल्यावर कुठली बाई रागावून राहील? शेवटी सरांना उठता येईना. माझ्या नवऱ्याने आणि वहिनींनी दोन्हीकडून धरून त्यांना रिक्षात बसवलं. रिक्षा निघाली तरी ते बाहेर डोकं काढून सांगत होते, "बाई, मी उद्या येतो!"

आणि खरंच आले. दुसऱ्या दिवशी तर आलेच, त्यानंतरही येतच राहिले. त्यांना मांडा काढायचा होता, पण तो हातावर असतो तोवर सारखा हलत असतो आणि खापरावर पडला की नुसती पोळी उरते. वहीची पानंच्या पानं भरली, जमेना. मग म्हणाले, मला शिकवा. अक्कांनी आधी कपाळाला हात लावला, मग एक फडकं ओलं करून त्यांच्या हातांवर टाकलं आणि ते झेलायला शिकवलं. सर मधल्या सुट्टीत शाळेच्या गच्चीवर सराव करायला लागले. शिपाई धावत मुख्याध्यापकांकडे गेला, की ड्रॉइंगसर गच्चीवर ओला टॉवेल उडवताहेत, बघून घ्या काहीतरी! मुख्याध्यापक वर गेले, थोडा वेळ बघत उभे राहिले आणि खाली आले. त्यांना काय वाटलं ते त्यांनी आम्हाला कधी सांगितलं नाही.

उन्हाळ्याची सुट्टी लागली तेव्हा सरांनी आमच्या अंगणात, निंबाच्या सावलीत, माणसाएवढी चौकट आणून उभी केली. तिच्यावर मांजरपाट ताणला. हे ताणणं बघण्यासारखं असायचं. एका बाजूने खिळा, लगेच समोरच्या बाजूने खिळा, मधूनमधून कापडावर टिचकी मारून कान लावायचा. मग सरस शिजवायला घेतला तो अक्कांच्या चुलीवर. असा काही वास सुटला की शेजारणी नाकाला पदर लावून कुंपणाशी आल्या. अक्कांनी ते भांडं चिमट्याने धरून सरांसकट अंगणाच्या दुसऱ्या टोकाला पाठवलं. तिथे तीन दगडांची वेगळी चूल झाली. सरसाचा हात, त्यावर खडू आणि सफेद्याचा हात, वाळलं की काचपेपर, पुन्हा हात. तळव्याने कापड चाचपून ते म्हणायचे, "अजून खरखरतंय." रंगात कालवायला घाण्यावरून आणलेलं जवसाचं तेल बाटल्यांत भरून पत्र्यावर उन्हात ठेवलेलं. माझा जुना पाटा त्यांनी रंग वाटायला घेतला तो घेतलाच. वरवंटा दोन्ही हातांनी धरून ते तासन् तास गेरू वाटत बसायचे आणि बोटांच्या चिमटीत रंग घेऊन डोळे मिटून बघायचे, बारीक झाला का. मला शाळेतही इतकं शिकायला मिळालं नव्हतं, खरं सांगते.

आणि मग हात उमटायला लागले. अक्कांचे हात. कोपरापासून बोटांपर्यंत, पुढे पसरलेले, तळवे वर. अक्का पहिल्या दिवशी लाजून समोर बसेनात. "ह्या मन्हा हात शेत?" म्हणाल्या. "भाजेल, कायाकुट्ट. बायकोना काढा ना." सर काढत राहिले. साठीच्या पुढची ती कातडी, जाळाने तांबूस झालेली, कुठे चटक्याचे डाग, मनगटाशी बांगड्या. ब्रश कमी, अंगठाच जास्त चालायचा. रंग लावायचा आणि अंगठ्याने असा दाबत न्यायचा की खाली हाड आहे हे कळावं. धुळ्याच्या उन्हात रंग पटापट वाळायचा, वाळला की वर दुसरा.

हळूहळू अक्का बदलल्या. सकाळी पाणी भरताना चौकटीसमोर थांबायच्या. मग शेजारणींना बोलावून दाखवायला लागल्या. रात्री झोपताना हातांना खोबरेल तेल लावायला लागल्या, हे मी आधी कधी पाहिलं नव्हतं. एकदा मी पाहिलं, त्या चित्रातल्या हातांसमोर आपले हात तस्सेच धरून उभ्या होत्या. मला बघून चटकन पदराआड घेतले. मला इतकं भरून आलं! त्या हातांचं केलेलं मी रोज खात होते आणि असं थांबून मी ते कधी बघितले नव्हते.

चित्र झालं असं आम्हाला वाटलं. मुख्याध्यापक येऊन बघून गेले, शाळेच्या हॉलमध्ये लावू म्हणाले. गल्लीतले लोक म्हणाले, अक्का आता बोलायलाच लागतील चित्रातून. आणि सर म्हणाले, "आता मांडा टाकायचा."

म्हणजे काय, हे कळायला आम्हाला थोडा वेळ लागला. पसरलेल्या हातांवर मांडा हवा. मांडा पुढे, हात मागे. म्हणजे एवढे दिवस खपून काढलेल्या हातांवर आता पांढरट रंगाचा पडदा ओढायचा. पातळ पडला तर हात आरपार दिसतील. जाड पडला तर हात गेले. आणि ब्रशने नाही, म्हणाले. ब्रशने थांबून थांबून मांडा होत नाही. हातांनीच, एका ओढीत. दुसऱ्यांदा हात लावायचा नाही.

अंगणात नुसता कल्ला झाला. माझा नवरा म्हणाला, सर, डोकं ठिकाणावर आहे ना? मी म्हटलं, दुसरं कापड ताणा, त्याच्यावर करा. वहिनी तेवढ्या चित्राकडे टक लावून बघत होत्या. पूर्ण झालेलं एक चित्र बघायची त्यांची किती वर्षांची आस होती, ती त्यांच्या तोंडावर स्पष्ट दिसत होती.

अक्का उठून चौकटीसमोर आडव्या उभ्या राहिल्या.

"बठ्ठं झाकाई जाई, मास्तर!"

"अक्का, मांड्याशिवाय हे नुसते हात आहेत. मांडा दिसला पाहिजे."

"लोके मांडा खातस," अक्का म्हणाल्या. "आयुष्यभर खादा. हात कोन देखस? पहिलांदा तुम्हीच देखात. आनि आते तुम्हीच झाकतस?"

सरांनी ब्रश पुसले, पिशवीत भरले आणि सायकलवर टांग मारून निघून गेले. मग बरेच दिवस आलेच नाहीत. चौकट निंबाखाली उभी होती. वरून पाला पडायचा, अक्का तो हाताने झटकून टाकायच्या. मी मनाशी म्हटलं, झालं, देवपुरातल्या भिंतीला आणखी एक. आणि अक्कांचे हात तरी राहिले, असंही वाटलं. खरं सांगायचं तर काय व्हावं हे माझं मलाच कळत नव्हतं.

एका सकाळी सर आले. वहिनी बरोबर होत्या. सरांनी येताना रंग तयार करूनच आणला होता, सफेदा, त्यात किंचित पिवळी माती आणि भरपूर तेल, परातभर. पण परात खाली ठेवून ते अक्कांसमोर जमिनीवर बसले.

"तुम्ही नको म्हटलं तर इथंच थांबतो," ते म्हणाले. "मला काय, सवयच आहे थांबायची."

अक्का त्यांच्या हातांकडे बघत होत्या. सरांनी दोन्ही हात मांडीवर ठेवले होते आणि बोटं एकमेकांत घट्ट अडकवली होती.

"भेव लागस का, मास्तर?"

"लागस," सर म्हणाले.

"माले बी लागस. दर मांडाले." अक्कांनी चित्राकडे एकदा नीट बघून घेतलं, प्रत्येक बोट, प्रत्येक बांगडी. मग त्या बाजूला झाल्या. "टाका," म्हणाल्या.

बातमी कशी पसरते कोण जाणे! सरांनी सदरा काढून बाह्या नसलेल्या बनियनवर उभं राहीपर्यंत कुंपणावर बायका, निंबावर पोरं, दारात दूधवाला कॅन घेऊन. सरांनी कोपरापर्यंत दोन्ही हात परातीत बुडवले. वर उचलले, जास्तीचा रंग ओघळू दिला, बोटं हलवून अंदाज घेतला. गच्चीवर ओला टॉवेल झेलायचे तसे दोनदा नुसते हवेत झेलले. कुणीतरी हसलं, वहिनींनी वळून असं बघितलं की ते हसू जागीच विरलं. मी अक्कांचा हात धरला, तो गार पडला होता.

सर चौकटीला भिडले. दोन्ही हात मधोमध टेकवले, कोपरांपासून बोटांपर्यंत, आणि ओढले! बाहेर आणि खाली, एका दमात, सगळं अंग त्या ओढीत घालून. कापड घुमलं. अक्कांचे हात एका क्षणात दिसेनासे झाले, सगळं पांढरं. कुंपणावर कुणीतरी "गेलं!" म्हणालं.

पण गेलं नव्हतं. रंग कापडावर बसत गेला तसतसे त्या पांढऱ्यातून हात वर यायला लागले. आधी सावली, मग तांबूसपणा, मग बोटं. आता ते नुसते हात नव्हते, ते काहीतरी तोलत होते. मांडा होता! थरथरणारा, आत्ता खाली पडेल असा मांडा, आणि त्याच्यामागे आमच्या अक्का. मी ओरडलेच. निंबावरची पोरं टाळ्या वाजवायला लागली, दूधवाला कॅनवर वाजवायला लागला, वहिनी रडत होत्या आणि हसतही होत्या.

सर मात्र हलले नाहीत. ते उजव्या बाजूला वर बघत होते. तिथे ओढताना त्यांचं मनगट उचललं गेलं होतं. मांडा फाटावा तशी एक फट राहिली होती, आणि त्या फटीतून अक्कांच्या अंगठ्याचं मूळ आणि बांगडीचा तुकडा उघडा दिसत होता.

"फाटला," सर म्हणाले. अंगठ्यावर रंग होताच. त्यांनी तो फटीकडे नेला.

अक्का पुढे गेल्या आणि त्यांनी सरांचं मनगट धरलं, रंगासकट. जवळ वाकून त्यांनी त्या फटीत आपला अंगठा, आपली बांगडी बघितली.

"ऱ्हाऊ द्या, मास्तर," त्या म्हणाल्या. "मी शे ना तठे."

सरांनी हात खाली घेतला.

"झालं मग," ते म्हणाले.